मागच्या दाराची गल्ली

घराच्या चौकटीत शौचालय असावे ही कल्पना एकोणिसाव्या शतकापर्यंत किल्ले, वाडे आणि मूठभर सधन घरे यांच्यापुरतीच होती. बाकी सगळ्यांसाठी गावकुसाबाहेरचे रान, ओढ्याचा काठ किंवा तळ्याचा बांध. छत्तीसगडात तळ्यांना तोटा नाही. आंघोळ, धुणे, गुरांचे पाणी आणि सकाळच्या विधीनंतरची धुलाई या सगळ्याला मिळून तिथे ‘निस्तारी’ हा एकच शब्द चालतो. रायपूर शहरही तळ्यांच्या आसऱ्याने वाढले. बुढा तलाव, कंकाली तलाव, महाराजबंध, तेलीबांधा ही नावे आजही पत्ता सांगताना तोंडी येतात. या तळ्यांच्या परिसरात जे पारे, म्हणजे आळ्या, उभे राहिले त्यांतला एक ब्राह्मणपारा. कंकालीपारा, बुढापारा, तात्यापारा हे त्याचे शेजारी.

या भागात मराठी बोली आली ती नागपूरकर भोसल्यांबरोबर. 1741 मध्ये भास्करपंतांची फौज छत्तीसगडात उतरली. 1758 पासून बिंबाजी भोसले रतनपुरात राहून कारभार पाहू लागले. 1818 नंतर इंग्रज अधीक्षकाने मुख्य ठाणे रतनपूरहून रायपूरला हलवले आणि 1854 मध्ये नागपूरचे राज्य खालसा झाल्यावर छत्तीसगड थेट इंग्रजी अमलाखाली गेला. कारकून, वकील, शिक्षक, पुरोहित अशी मराठी कुटुंबे जुन्या रायपुरात छत्तीसगढी आणि हिंदी भाषक ब्राह्मणांच्या शेजारी स्थिरावली. 1867 मध्ये नगरपालिका स्थापन झाली. 1901 च्या जनगणनेत शहराची वस्ती 32,114 भरली. एवढी माणसे रोज रानात जाऊ शकत नाहीत, निदान भर वस्तीतली तरी नाहीत. मग मैल्याला घरातच जागा करावी लागली, आणि तिथून पुढचे सगळे प्रश्न सुरू झाले.

त्याआधीच्या विचारात शौचाच्या नियमांची वाण नव्हती. मनुस्मृतीच्या पाचव्या अध्यायात मातीने किती वेळा धुवावे याचा हिशेबच दिला आहे: लिंगाला एकदा, गुदाला तीनदा, डाव्या हाताला दहा वेळा, दोन्ही हातांना मिळून सात वेळा. हे गृहस्थासाठी, ब्रह्मचाऱ्याला दुप्पट, वानप्रस्थाला तिप्पट, संन्याशाला चौपट. दिवसा उत्तरेकडे तोंड, रात्री दक्षिणेकडे, डोके झाकलेले, तोंडातून शब्द नाही, जानवे कानावर. देहाच्या शुद्धीबद्दल इतकी काटेकोर असलेली ही परंपरा मैल्याचे पुढे काय होते याविषयी मात्र जवळजवळ गप्प आहे. माणूस रानात जाऊन परत येतो तोवर त्याची गरजही नव्हती, कारण ऊन, डुकरे आणि किडे आपले काम करत. हे मौन महागात पडले ते माणूस घरातच बसू लागल्यावर.

बौद्ध विनयात चित्र वेगळे दिसते, कारण विहारात शेकडो भिक्षू एकत्र राहत आणि संडास सामाईक असे. तिथे विधीचा ज्येष्ठताक्रम मोडून जो आधी येईल तो आधी जाईल असा नियम आहे. आत जाण्याआधी खोकावे, आत कोणी असेल तर त्याने खोकून उत्तर द्यावे, पाण्याचे भांडे भरून ठेवावे, घाण झाली असेल तर धुवावी, असेही सांगितले आहे. सार्वजनिक शौचालयाचे शिष्टाचार म्हणून हे नियम आजच्या बसस्थानकावर लावले तरी जुने वाटणार नाहीत.

मराठी मुलुखात जुन्या बांधकामाचे सर्वांत डोळ्यांसमोर राहणारे नमुने किल्ल्यांवर आहेत. राजगडाच्या तटात आणि रायगडाच्या राणीवशात दगडी शौचकूप आजही पाहायला मिळतात. तटात कोनाडा, बसायला घडीव दगड, खाली उतार आणि उताराचे तोंड कड्यावर. मैला थेट दरीत. शेकडो माणसे महिनोन्‌महिने जिथे कोंडून राहत, तिथे ही सोय युद्धशास्त्राचाच भाग होती. सपाटीवरच्या वाड्यांत दरी नव्हती. तिथे दरीचे काम माणसांना करावे लागले.

टोपली, झाकण आणि राख

नगरपालिकेच्या काळात मध्य प्रांताच्या शहरांत जो संडास रूढ झाला त्याला हिंदीत कमाऊ पाखाना म्हणत, मराठीत टोपलीचा किंवा पाटीचा संडास. त्याची रचना पाहिली की त्या काळचे घर कसे विचार करत होते ते कळते. परसाच्या टोकाला, विहिरीपासून आणि स्वयंपाकघरापासून शक्य तितक्या दूर, दोन-तीन पायऱ्या चढून जायचा एक खण. आत दोन पायठे, मध्ये भोक, खाली हात-दीड हात पोकळी. पोकळीत डांबर फासलेली बांबूची टोपली किंवा पत्र्याचा डबा. काही ठिकाणी तेही नाही, नुसती फरशी. मूत्र आणि धुण्याचे पाणी वेगळे वाहून जावे म्हणून पुढच्या अंगाला पन्हळ, जी बहुधा उघड्या गटारात संपे. मागच्या भिंतीत, जमिनीलगत, गुडघ्याएवढे एक झाकण. ते घराच्या आत उघडत नसे. मागच्या अरुंद गल्लीत उघडे.

हीच ती सफाई गल्ली. मुंबईत तिला घरगल्ली म्हणत. घरचे कोणी त्या गल्लीत जात नसे आणि गल्लीतून येणारी बाई घरात येत नसे. बाईच, कारण घरोघरचे हे काम बहुतेक ठिकाणी बायका करत आणि पुरुष गाडी ओढत किंवा गटारे उपसत. ती झाकण उचलून पत्र्याच्या वाकवलेल्या तुकड्याने मैला ओढून घेई, आपल्या टोपलीत भरी, वर चुलीतली राख पसरी, आणि टोपली डोक्यावर किंवा कमरेवर घेऊन गल्लीच्या तोंडाशी उभ्या असलेल्या मैलागाडीपर्यंत जाई. पावसाळ्यात राख भिजे आणि टोपली गळे. घरच्या लोकांना हे दिसत नसे. झाकण मागे असण्याचे कारणच ते होते.

या कामावर ज्या जातींना जुंपले गेले त्यांची मध्य प्रांतातली नोंद रसेल आणि हिरालाल यांच्या 1916 च्या जातिकोशात ‘मेहतर’ या नावाखाली आहे. नागपूर, जबलपूर, रायपूर अशा शहरांत यांतली बरीच कुटुंबे बुंदेलखंड आणि संयुक्त प्रांतातून आली. शहरे वाढली, लष्करी छावण्या आल्या, रेल्वे आली, तशी मागणी वाढत गेली. खेड्यात या कामाला वाव नव्हता. मैला वाहून नेणारी जात ही मोठ्या प्रमाणावर शहराची निर्मिती आहे, आणि ‘हे प्राचीन काळापासून चालत आले’ या नेहमीच्या वाक्याला त्यामुळे बरीच मुरड घालावी लागते.

प्रत्येक मेहतर कुटुंबाची घरे ठरलेली असत. त्या हक्काला जजमानी किंवा जागीर म्हणत. ही घरे गहाण टाकता येत, विकता येत, मुलीला आंदण देता येत. मोबदला म्हणजे महिन्याचे थोडे पैसे, रोजची शिळी भाकरी आणि सणासुदीला जुने कपडे. या हक्कामुळे कुटुंबाला एक तऱ्हेची शाश्वती होती आणि त्यामुळेच ते त्या कामाला पिढ्यान्‌पिढ्या बांधलेही गेले. घरमालक बदलला तरी मेहतर बदलत नसे. पुढे जेव्हा नगरपालिकांनी हे काम स्वतःकडे घ्यायचे ठरवले तेव्हा पहिला अडथळा याच जागिरीचा आला. ज्यांना या कामातून सोडवायचे, त्यांच्याच हातातला एकमेव हक्क काढून घ्यावा लागत होता. नगरपालिकेच्या नोकरीत गेलेल्यांनाही मोकळीक नव्हती. इंग्रजी काळातल्या अनेक नगरपालिका कायद्यांत सफाई कामगाराने आगाऊ सूचना न देता काम सोडणे हा गुन्हा होता. इतर कुठल्या नोकराने काम सोडले तर पगार जाई. याने सोडले तर तुरुंग.

आधी नळ, मग गटार

पाणी आधी आले. नागपूरला 1870 च्या दशकाच्या सुरुवातीला अलेक्झांडर बिनी या अभियंत्याने अंबाझरी तलावातून पाणी शहरात आणले. हाच बिनी पुढे लंडन काउंटी कौन्सिलचा मुख्य अभियंता झाला. रायपूरला खारून नदीचे पाणी 1892 मध्ये आले. त्या योजनेला राजनांदगावचे राजे बलरामदास यांनी मोठी देणगी दिली, म्हणून तिला बलरामदास जलयंत्र असे नाव पडले. दाते पाण्यासाठी मिळत. गटारासाठी राजाने देणगी दिल्याचे उदाहरण शोधावे लागते. पाणपोई, विहीर, घाट हे पुण्याचे काम होते. मैल्याचा नळ कोणाच्या नावाने बांधणार?

परिणाम उलटाच झाला. नळामुळे घरात पाण्याचा वापर वाढला आणि ते सगळे उघड्या गटारांतून वाहू लागले. कोरडा मैला आणि ओले सांडपाणी यांची गाठ गल्लीतच पडू लागली. युरोपात हा टप्पा थोडा आधी येऊन गेला होता. जॉन हॅरिंग्टनने 1596 मध्ये पाण्याने धुतले जाणारे भांडे वर्णन केले, 1775 मध्ये अलेक्झांडर कमिंगने वाकड्या नळीत पाणी अडवून दुर्गंधी थोपवण्याची युक्ती पेटंट केली, आणि तरीही लंडनला पुरी गटारे मिळाली ती पटकीच्या साथींनी आणि 1858 च्या टेम्स नदीच्या दुर्गंधीने पार्लमेंट हैराण झाल्यावरच. हिंदुस्थानात पटकी, आणि 1896 पासून प्लेग, येऊनही बहुतेक शहरांना गटारे मिळाली नाहीत. त्याचे कारण सरळ होते. भूमिगत गटार महाग होते आणि मेहतर स्वस्त होता.

सोनखताचा हिशेब

गाडीत भरलेला मैला शहराबाहेर चरात पुरला जाई. काही नगरपालिकांनी तो राख आणि कचऱ्यात मिसळून, वाळवून विकायला सुरुवात केली. त्याला सोनखत म्हणत. पुण्यात शेतकरी सुरुवातीला त्याला हात लावायला तयार नव्हते. उसाला ते किती मानवते हे दिसल्यावर मात्र मळेवाल्यांकडून मागणी येऊ लागली. विटाळाचे गणित असे उसाच्या भावापुढे बदलते.

या व्यवहाराला शास्त्रीय रूप मिळाले ते इंदूरमध्ये, म्हणजे होळकरांच्या राज्यात. स्कॉटिश नगररचनाकार पॅट्रिक गेडिस 1917-18 च्या सुमारास इंदूरचा आराखडा करत असताना तिथे प्लेग होता. दरबाराने त्याला शहर सुधारण्याची मोकळीक दिली आणि त्याने दिवाळीची मिरवणूकच बदलून टाकली. मिरवणूक कोणत्या रस्त्याने जाणार हे आधी जाहीर केले नाही. ज्या भागातल्या लोकांनी घरे आणि गल्ल्या सर्वांत नीट झाडल्या-सारवल्या, त्या भागातून ती जाणार असे ठरले. शहर आपोआप कामाला लागले. मिरवणुकीत घाणीचा राक्षस होता, प्लेगचा प्रचंड उंदीर होता, आणि त्यांच्यामागून पांढरे धुतलेले कपडे घालून, गळ्यात झेंडूच्या माळा घेतलेले शहराचे सफाई कामगार चालत होते. दुसऱ्या दिवशी ते पुन्हा टोपल्यांकडेच गेले असतील. पण मागच्या गल्लीतली माणसे राजरस्त्याच्या मधोमध चालल्याचे हे दृश्य त्या काळात दुर्मीळच होते. गेडिसचा अहवाल 1918 मध्ये दरबारापुढे आला.

त्यानंतर काही वर्षांनी अल्बर्ट हॉवर्ड यांनी इंदूरच्याच संशोधन संस्थेत कंपोस्टची पद्धत बसवली. त्यांचे सहकारी रसायनशास्त्रज्ञ होते यशवंत वाड. दोघांचे पुस्तक 1931 मध्ये निघाले आणि ‘इंदूर पद्धत’ हे नाव जगभरच्या शेतीत रुजले. थर रचायचे, हवा खेळती ठेवायची, ठरावीक दिवसांनी ढीग पालटायचा. ढिगाच्या आत जी उष्णता तयार होते तिच्यात रोगजंतू मरतात. पुढे वाड यांनी जॅक्सन यांच्यासह हीच पद्धत शहराच्या मैल्याला आणि कचऱ्याला लावून दाखवली. हॉवर्ड यांचे नाव सेंद्रिय शेतीच्या प्रत्येक इतिहासात येते. वाड यांचे नाव मराठी वाचकालाही क्वचितच ठाऊक असते.

झाडू कोणाच्या हातात

रायपूरला अस्पृश्यतेचा प्रश्न गांधींच्या आधी हाती घेतला तो पंडित सुंदरलाल शर्मा यांनी. राजिमचे हे ब्राह्मण कवी सतनामी समाजात जाऊन बसत, मंदिर-प्रवेशाची मोहीम चालवत, आणि त्यासाठी जातभाईंचा रोष पत्करत. 1933 च्या नोव्हेंबरात हरिजन दौऱ्यावर गांधी रायपूरला आले तेव्हा या कामात शर्मा आपल्याही पुढे होते असे ते म्हणाल्याचे छत्तीसगडात आवर्जून सांगितले जाते. मराठी वाचकांना ‘छत्तीसगढ मित्र’ या 1900 मध्ये सुरू झालेल्या मासिकामुळे माहीत असलेले माधवराव सप्रे आणि वामनराव लाखे हेही याच रायपूर वर्तुळातले. पण या वर्तुळाचा भर शाळा, मंदिर, सहकार आणि स्वदेशी यांवर होता. संडास हा विषय थेट हातात घेणारा माणूस कोकणात होता.

अप्पासाहेब पटवर्धन 1932 मध्ये रत्नागिरीच्या तुरुंगात होते. तुरुंगाच्या नियमाप्रमाणे मैलासफाई विशिष्ट जातीच्या कैद्यांनाच दिली जाई. आपल्यालाही ते काम द्यावे अशी मागणी या ब्राह्मण कैद्याने केली, ती नाकारली गेली, आणि त्याने अन्न कमी केले. येरवड्याच्या तुरुंगात असलेल्या गांधींनी त्याच्या पाठिंब्यासाठी डिसेंबरात उपवास सुरू केला. सरकारला नमते घ्यावे लागले. ब्राह्मणाला मैला उचलायची परवानगी मिळावी म्हणून दोन तुरुंगांत उपास पडावेत, यातली विलक्षणता त्या काळच्या सोवळ्या घरांना नक्कीच जाणवली असणार. 1936 मध्ये खानदेशात फैजपूरला काँग्रेसचे पहिले ग्रामीण अधिवेशन भरले तेव्हा चरांचे संडास खणून ते साफ ठेवण्याच्या पथकाचे पुढारपण अप्पासाहेबांकडे होते. पुढे कणकवलीला गोपुरी आश्रमात त्यांनी साधा, स्वस्त, हाताने मैला न उचलावा लागणारा संडास तयार केला. तो गोपुरी संडास म्हणून ओळखला जातो. पवनारजवळच्या सुरगावला विनोबा रोज चालत जाऊन गावची मैलासफाई करत, तेही याच काळात, 1946 नंतर. सेनापती बापट हातात झाडू घेऊन पारनेरचे रस्ते झाडत. गाडगेबाबांची सुरुवात तर कीर्तनाआधी गाव झाडण्यापासूनच होई.

या सगळ्याला डॉ. आंबेडकरांचा आक्षेप होता, आणि तो अजूनही निकालात निघालेला नाही. मैलासफाई हे पवित्र कार्य आहे असे सवर्ण सेवकाने म्हटले तर त्याला काही किंमत मोजावी लागत नाही. तो आंघोळ करून दुसऱ्या कामाला जातो. ज्याला जातीने तेच काम लावून दिले आहे, त्याला ते पवित्र असल्याचे सांगणे म्हणजे त्याला तिथेच ठेवणे. आंबेडकरांनी 1930 च्या दशकात मुंबईत म्युनिसिपल कामगार संघ उभा केला. तिथे भाषा सेवेची नव्हती; पगार, रजा आणि घर यांची होती. अप्पासाहेबांच्या बाजूने एवढे म्हणता येते की त्यांनी नुसता झाडू उचलला नाही, झाडूची गरजच उरू नये असे भांडे आणि खड्डा शोधला.

1949 मध्ये मुंबई सरकारने वि. ना. बर्वे यांच्या अध्यक्षतेखाली सफाई कामगारांच्या स्थितीची चौकशी करायला समिती नेमली. तिचा अहवाल 1952 मध्ये आला. डोक्यावरून मैला वाहणे बंद करा, ही त्यातली मुख्य सूचना. नंतर केंद्राने नेमलेल्या मलकानी समितीनेही 1960 मध्ये तेच सांगितले. कायदा व्हायला 1993 उजाडले. राज्यघटनेच्या 252 व्या कलमाखाली ज्या सहा राज्यांच्या ठरावांवरून तो झाला, त्यांत महाराष्ट्र आणि गोवा होते. त्यात कोरड्या संडासावर बंदी आली, पण प्रत्यक्ष कारवाई नावापुरतीच राहिली. 2013 चा दुसरा कायदा 6 डिसेंबरपासून लागू झाला. त्याने पुनर्वसनाची जबाबदारी सरकारवर टाकली आणि गटार व सेप्टिक टाकीत सुरक्षा साधनांविना माणूस उतरवणे हाही गुन्हा ठरवला.

दोन खड्डे

टोपलीचा संडास कायद्यापेक्षा एका साध्या रचनेने जास्त हटवला. भांडे तीव्र उताराचे, त्याच्या खाली वाकडी नळी, तिच्यात जेमतेम दोन सेंटिमीटर पाणी अडलेले. उतार जास्त असल्याने दीड-दोन लिटर पाण्यात भांडे धुऊन निघते. टाकी, साखळी, नळ काही लागत नाही. नळी पुढे एका लहान चौकोनी कुंडीत जाते आणि तिथून दोन फाटे फुटून दोन खड्ड्यांकडे जातात. एक फाटा वीट लावून बंद. खड्ड्याच्या भिंती जाळीदार, तळ मातीचा, त्यामुळे पाणी आणि वायू जमिनीत मुरतात आणि घट्ट भाग तेवढा राहतो. काही वर्षांनी पहिला खड्डा भरला की वीट काढून दुसऱ्या फाट्यात बसवायची. दोन-एक वर्षांत पहिल्या खड्ड्यातल्या मैल्याची वासरहित, भुसभुशीत माती होते, आणि ती घरचा माणूस फावड्याने काढून झाडांना घालू शकतो. त्यासाठी कोणत्या जातीला हाक मारावी लागत नाही. बिंदेश्वर पाठक यांनी 1970 मध्ये सुरू केलेल्या सुलभ संस्थेने ही रचना देशभर नेली. महाराष्ट्रात देहूच्या प्राथमिक आरोग्य केंद्रातले डॉक्टर सुहास मापुसकर यांनी अप्पासाहेबांचा धागा पकडून गावातल्या घराघरांत संडास बांधवले, ते बायोगॅसला जोडले, आणि तुकोबांचे देहू दोनेक दशकांच्या खटपटीने हागणदारीमुक्त केले. त्यांना मरणोत्तर पद्मश्री 2017 मध्ये मिळाली.

शहरातल्या जुन्या वस्त्यांत मात्र दोन खड्ड्यांना जागाच नव्हती. ब्राह्मणपाऱ्यासारख्या दाटीच्या भागात घराला घर लागून. परस वाटण्यांमध्ये तुकडे होऊन गेलेले. तिथे आली ती सेप्टिक टाकी, अंगणाखाली किंवा थेट जिन्याखाली. तिच्याबरोबर संडास मागच्या टोकावरून सरकत सरकत घरात आला. सोवळ्या-ओवळ्याच्या घरात हा बदल सोपा गेला नाही. संडासाला जाताना वेगळे वस्त्र, वेगळे टमरेल, आल्यावर आंघोळ, निदान पाय धुणे, हे नियम परसाच्या अंतरावर उभे होते. अंतर गेले तसे नियमही एकेक करून गळाले. चौबे कॉलनीसारख्या नव्या वसाहतींत गेलेल्या कुटुंबांच्या घरात संडास झोपण्याच्या खोलीला लागून आला आणि देवघराची व संडासाची भिंत एक होणार नाही एवढीच खबरदारी उरली. शेवटचा बालेकिल्ला होता तो बसण्याच्या पद्धतीचा. तो धर्माने पडला नाही, गुडघ्यांनी पाडला.

बायकांच्या दृष्टीने हा इतिहास वेगळ्या वेळापत्रकाचा आहे. रानात जायचे तर पहाटे अंधारात किंवा दिवे लागल्यावर. मधले बारा-चौदा तास पाणी कमी पिऊन काढायचे. कमाऊ पाखान्याने सधन घरातल्या बायकांची ही कुचंबणा संपवली आणि तिची किंमत दुसऱ्या बायकांच्या डोक्यावर ठेवली. सार्वजनिक मुतारी पुरुषांसाठी फुकट आणि बायकांसाठी पैसे घेऊन, ही शहरांतली रीत मुंबईत 2011 मध्ये सुरू झालेल्या ‘राइट टू पी’ चळवळीने पहिल्यांदा जाहीरपणे चव्हाट्यावर आणली.

हागणदारीमुक्ती आणि तिच्यानंतर

2011 च्या जनगणनेत महाराष्ट्रातल्या 53.1 टक्के घरांत शौचालय होते, छत्तीसगडात 24.6 टक्के. महाराष्ट्राच्या आघाडीमागे शहरीकरण होते, तसेच 2000-01 मध्ये सुरू झालेले संत गाडगेबाबा ग्रामस्वच्छता अभियानही. त्याची ताकद अनुदानापेक्षा गावागावांतल्या चुरशीत होती. त्याच्याच पोटी गुड मॉर्निंग पथके आली. पहाटे शिट्ट्या फुंकत माणसांना रानातून उठवणे हा आरोग्यशिक्षणाचा प्रकार म्हणून मिरवला गेला; तो मुख्यतः भूमिहीनांच्या आणि बायकांच्या वाट्याला आलेला अपमान होता, कारण ज्यांच्याकडे शौचालय बांधायला जागाच नाही तेच पहाटे सापडत.

छत्तीसगडची मोहीम जोरात आली ती 2014 नंतर. धमतरी जिल्ह्यातल्या कोटाभर्री गावच्या शंभरी ओलांडलेल्या कुंवरबाई यादव यांनी आपल्या शेळ्या विकून शौचालय बांधले आणि गावाला मागे खेचत नेले. 2016 च्या फेब्रुवारीत राजनांदगाव जिल्ह्यातल्या सभेत पंतप्रधानांनी त्यांच्या पाया पडल्याचे छायाचित्र देशभर गेले. 2018 च्या सुरुवातीला राज्य हागणदारीमुक्त जाहीर झाले. 2019-21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत मात्र सुधारित शौचालयाची सोय वापरणारी लोकसंख्या राज्यात सुमारे तीन-चतुर्थांशच निघाली. पाच-सहा वर्षांत एवढी झेप मोठीच. जाहीरनाम्यातला शंभराचा आकडा आणि प्रत्यक्ष यांतले अंतरही तितकेच खरे.

शौचालय बांधले की प्रश्न जमिनीखाली जातो. सेप्टिक टाकी मैला संपवत नाही, साठवते. ती उपसावी लागते, आणि जिथे टँकर पोचत नाही अशा बोळांत किंवा जिथे टँकरचे पैसे वाचवायचे असतात तिथे अजूनही माणूस उतरवला जातो. टाकीत हायड्रोजन सल्फाइड साचलेला असतो. पहिला उतरतो, कोसळतो, त्याला काढायला दुसरा उतरतो. म्हणूनच या दुर्घटनांत अनेकदा दोन-तीन माणसे एकत्र दगावतात. सर्वोच्च न्यायालयाने मार्च 2014 मध्ये अशा प्रत्येक मृत्यूसाठी 10 लाख रुपये भरपाई ठरवली आणि ऑक्टोबर 2023 मध्ये ती 30 लाख केली. मरणाऱ्यांच्या यादीतल्या जाती 1916 च्या कोशातल्याच आहेत.

रायपूरला बलरामदासांच्या काळापासून पाणी देणारी खारून नदीच शहराचे सांडपाणीही घेते. भाठागावला पाणी उचलायचे आणि खाली नाल्यांनी ते परत नदीत सोडायचे, हा क्रम वर्षानुवर्षे चालला. अलीकडे नदीकाठी चंदनडीह आणि निमोरा इथे शुद्धीकरण केंद्रे उभी राहिली आणि मोठे नाले त्यांच्याकडे वळवले गेले. पण जुन्या पाऱ्यांतल्या टाक्यांतला गाळ नाल्यात वाहत नाही, तो कोणीतरी उपसावाच लागतो. या बाबतीत पाहण्यासारखी व्यवस्था कृष्णाकाठच्या वाईची आहे. तिथे नगरपालिकेने 2018 पासून ठरावीक वेळापत्रकाने सगळ्या टाक्या उपसायला सुरुवात केली. टाकी तुंबल्यावर घरमालकाने फोन करायचा नाही. प्रभागवार टँकर येतो आणि प्रत्येक घराची टाकी साधारण तीन वर्षांतून एकदा रिकामी करतो. खर्च घरपट्टीबरोबर घेतल्या जाणाऱ्या स्वच्छता करातून निघतो, त्यामुळे दारात पैशांची घासाघीस नाही आणि स्वस्तात माणूस उतरवून घेण्याचा मोहही नाही. उपसलेला गाळ गावाबाहेरच्या केंद्रात वाळवून, उष्णतेने जाळून त्याचा कोळशासारखा भुगा केला जातो. वेळापत्रकाने टाक्या उपसण्याची ही पद्धत नाशिक जिल्ह्यात सिन्नरनेही उचलली आहे.